पाटल्या तिकडेच राहिल्या: सासर सुटल्यावर स्त्रीधन परत कसं मिळवायचं

परिवार परामर्श केंद्राच्या बाकावर येऊन बसलेली मुलगी पहिलं वाक्य काय बोलणार हे मला आता पाठ झालं आहे. "काकू, मला त्यांचं काही नको, फक्त माझं सामान परत द्यायला सांगा." मी विचारते, "सामान म्हणजे काय काय गं?" आणि गाडी तिथंच अडते. आई म्हणते 25 तोळे सोनं, बाबा म्हणतात 18, आणि मुलगी बोटं मोडत म्हणते, "ठुशी धरली तर..." समोरचा वकील हे ऐकत बसला असेल, तर त्याचं निम्मं काम आयतंच झालं.

मी वकील नाही. इंदूरमध्ये अशा मुलींसोबत थाना, बँक आणि कोर्ट यांच्या फेऱ्या मारून जे कळलं ते लिहिते आहे. कायदा या बाबतीत 1985 पासून बाईच्या बाजूने ठाम उभा आहे. बायका अडतात त्या पुराव्यावर, आणि पुराव्याचा पाया म्हणजे एक नीट केलेली यादी. म्हणून या लेखात कायद्यापेक्षा यादीवर जास्त बोलणार आहे.

तुमचं काय आणि काय नाही

लग्नाआधी, लग्नात किंवा नंतर तुम्हाला म्हणून जे मिळालं ते तुमचं. माहेरचे दागिने, मावशीने मंगळागौरीला दिलेली साडी, पहिल्या संक्रांतीचं चांदीचं भांडं, डोहाळजेवणातला आहेर, रुखवतात मांडलेली भांडी, स्वतःच्या पगारातून घेतलेलं वॉशिंग मशीन, सगळं. सासरकडून अंगावर घातलेले दागिनेसुद्धा तुम्हाला भेट दिलेले असतील तर तुमचेच. इंदूरच्या बोलीत त्याला चढावा म्हणतात, आणि भांडण हमखास इथेच पेटतं. "चढावा आमचा होता, तो परत आमच्याकडे" असं सासरचे ठणकावून सांगतात. तसा नियम नाही. मात्र घराण्यातला एखादा चपलाहार चार दिवस घालायला दिला होता असं त्यांचं म्हणणं असेल, तर तो दागिना यादीत वेगळा लिहा. त्याच्यावर वाद होणार हे धरून चाला.

जावयाची अंगठी, त्याचा सूट, व्याह्यांचा मानपान, मंगल कार्यालयाचं भाडं, पंगतीचा खर्च हे स्त्रीधन नाही. बाबांचा जीव तुटतो, पण ते या यादीत घालू नका. रोख हुंडा दिला असेल तर त्याचा रस्ता निराळा आहे. 1961 च्या हुंडाबंदी कायद्याच्या कलम 6 प्रमाणे कुणीही घेतलेला हुंडा 3 महिन्यांच्या आत मुलीच्या हवाली करायचा असतो, आणि तोवर तो तिच्यासाठी सांभाळलेला मानला जातो. "हुंडा दिला असं म्हटलं तर आम्हीच अडकू" ही भीती बहुतेक घरांत असते. त्याच कायद्याचं कलम 7 सांगतं की अन्याय झालेल्या व्यक्तीने दिलेल्या जबाबावरून तिच्यावरच खटला भरता येत नाही.

प्रतिभा राणी खटल्यात 1985 साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की नवरा-सासू हे स्त्रीधनाचे फक्त सांभाळणारे असतात. मागितल्यावर ते परत दिलं नाही तर तो फौजदारी विश्वासघात, म्हणजे आपल्या थान्यातल्या भाषेत अमानत में खयानत. पूर्वी हे भारतीय दंड संहितेचं कलम 406 होतं. 1 जुलै 2024 पासून ते भारतीय न्याय संहितेत कलम 316 झालं आहे.

वही काढा

संगणक असला तरी आधी कागदावर लिहा, कारण आठवण हाताने लिहिताना येते. लग्नाचा अल्बम समोर ठेवा, आईला शेजारी बसवा. साखरपुड्यापासून सुरू करून एकेक प्रसंग घ्या. प्रत्येक वस्तूपुढे सहा गोष्टी लिहायच्या: वस्तू कोणती आणि कशी दिसते, वजन, कुणी दिली, कधी, शेवटची कुठे आणि कुणाच्या ताब्यात पाहिली, आणि पुरावा काय.

वजन ग्रॅममध्येच लिहा. जुना तोळा 11.66 ग्रॅमचा, बाजारात बोलताना 10 ग्रॅमचा धरतात, आणि या फरकावर मी दोन घरांना तासभर भांडताना पाहिलं आहे. दुसरं म्हणजे ढोबळ वजन आणि निव्वळ सोन्याचं वजन वेगळं असतं. कोल्हापुरी साजात लाख असते, तन्मणीत मोती, नथीत तर सोन्यापेक्षा मोतीच जास्त. बिलावर दोन्ही आकडे असतील तर दोन्ही उतरवा. दागिना हॉलमार्कचा असेल तर बिलावर किंवा दागिन्यावर सहा अक्षर-अंकांचा एचयूआयडी, म्हणजे त्या दागिन्याचा ओळख क्रमांक, असतो. 1 एप्रिल 2023 पासून नव्या हॉलमार्क दागिन्यांवर तो बंधनकारक आहे. बीआयएस केअर अ‍ॅपमध्ये तो टाकला की दागिन्याचा प्रकार आणि शुद्धता दिसते. "ही पाटली ती नव्हेच" असा बचाव त्यापुढे टिकत नाही.

यादी झाली की तीन रंगांच्या पेनांनी खुणा करा. ज्याचं बिल किंवा बँकेचा व्यवहार आहे ते हिरवं. ज्याचा फोटो आणि देणारा साक्षीदार आहे ते निळं. फक्त आठवण आहे ते लाल. लाल वस्तू काढून टाकू नका, पण त्यांना पुरावा शोधा. सराफ्यातल्या जुन्या पेढीकडे बाबा वर्षानुवर्षं जात असतील तर जुनं बिलबुक निघतं. लग्नाच्या व्हिडिओत पाटावर बसलेल्या नवरीचे हात जवळून घेतलेले असतात, तिथे थांबवून चित्र काढून घ्या. आणि आपल्याकडे आहेराची वही असते. कुणी काय दिलं हे मोठ्या काकांनी त्याच रात्री लिहून ठेवलेलं असतं. रद्दीत गेली असेल असं समजू नका, आधी माळ्यावर बघा. हुंडाबंदी कायद्याखालच्या 1985 च्या नियमांप्रमाणे लग्नात मिळालेल्या भेटींच्या याद्या करून वधू-वरांनी सही करायची असते. ते कुणी केलेलं मी अजून पाहिलेलं नाही, पण तुमच्या घरात एखादा शिस्तीचा माणूस असेल तर विचारून पाहा.

यादी फुगवू नका. राग आलेला असतो, कुणीतरी सल्ला देतं की दुप्पट लिहा म्हणजे निम्मं तरी मिळेल. उलटतपासणीत एक वस्तू खोटी निघाली की उरलेल्या तीसही खोट्या वाटायला लागतात.

पुराव्याची धास्तीही घेऊ नका. केरळच्या माया गोपीनाथन यांच्या प्रकरणात 89 पवन (एक पवन म्हणजे 8 ग्रॅम) सोन्याचे दागिने होते. लग्नाच्या पहिल्याच रात्री नवऱ्याने ते सांभाळायला म्हणून घेतले आणि आपल्या आईकडे दिले, असं त्यांचं म्हणणं. पावती कुठली असणार? उच्च न्यायालयात त्या हरल्या, पण एप्रिल 2024 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की दिवाणी बाबतीत काय जास्त संभवतं हे पाहायचं, आणि नवीन सून पहिल्या दिवसापासून अविश्वासाने वागेल अशी अपेक्षा धरता येत नाही. त्यांना 25 लाख रुपये देण्याचा आदेश झाला. स्त्रीधन अडचणीत नवऱ्याने वापरलं तरी ते परत करणं त्याचं कर्तव्य आहे, हेही त्यात आलं.

लॉकर, आणि तेही आजच

यादी व्हायला आठवडा लागेल. लॉकर मात्र थांबत नाही. जॉइंट लॉकर असेल तर बँकेत जाऊन शाखाधिकाऱ्याच्या नावे लेखी अर्ज द्या: आमच्यात वाद आहे, लॉकर दोघांच्या उपस्थितीशिवाय उघडू देऊ नये, आणि आजवरच्या उघडण्याच्या नोंदी मला द्याव्यात. अर्जाच्या प्रतीवर शिक्का आणि तारीख घ्या. शाखा टाळाटाळ करेल, तरी अर्ज नोंदला गेला हे महत्त्वाचं. रिझर्व्ह बँकेच्या 2021 च्या निर्देशांनुसार लॉकर उघडल्याचा मेसेज नोंदवलेल्या मोबाइलवर त्याच दिवशी यायला हवा, आणि लॉकरच्या खोलीकडे जाण्याच्या वाटेवरचं सीसीटीव्ही चित्रण किमान 180 दिवस ठेवायचं असतं. म्हणजे सहा महिन्यांनी शहाणपण सुचलं तर चित्रण गेलेलं असतं. अर्जात "अमुक तारखेपासूनचं चित्रण जपून ठेवावं" हे वाक्य न विसरता घाला. बँकेत तुमचा मोबाइल नंबर कोणता आहे तेही तपासा, बऱ्याच जणींच्या खात्याला नवऱ्याचाच नंबर असतो.

लॉकर सासूबाईंच्या एकटीच्या नावावर असेल तर बँक तुमचं ऐकणार नाही. तिथे कोर्टाचाच आदेश लागतो, त्याकडे येतेच आहे.

आधी मागा, लिहून मागा

वकिलाची नोटीस ही दुसरी पायरी. पहिली एक साधा, सभ्य मेसेज. मी मुलींना असं काहीतरी लिहायला सांगते:

"आई, नमस्कार. 14 जूनला मी घरून निघाले तेव्हा माझ्या पाटल्यांची जोडी, ठुशी, मोहनमाळ आणि चांदीचं ताट-वाटी तुमच्या खोलीतल्या कपाटात होतं. माझ्या मार्कशीट आणि पासपोर्ट निळ्या फाइलमध्ये आहेत. रविवारी सकाळी 11 वाजता मी बाबांना घेऊन न्यायला येऊ का?"

यात टोमणा नाही, धमकी नाही, वस्तू मात्र नावानिशी आहेत. उत्तर बहुधा "आधी घरी ये, मग बघू" किंवा "सगळं सांभाळून ठेवलंय, पळून नाही जात" असं येतं. दुसरं उत्तर आलं तर वस्तू त्यांच्याकडे आहेत हे त्यांनीच लिहून दिलं. तो फोन विकू नका, बदलू नका, चॅट खोडू नका. कोर्टात अशा मेसेजला भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम 63 प्रमाणे प्रमाणपत्र जोडावं लागतं, ते वकील करून देतात.

आठवडाभरात काही झालं नाही तर यादी जोडून लेखी मागणी स्पीड पोस्टने पाठवा, पावती आणि पोहोचल्याचा प्रिंट जपा. हे पत्र हिंदीत करा. ते पुढे ज्यांच्या टेबलावर वाचलं जाणार आहे त्यांना आपली मराठी कळेलच असं नाही. आणि सही मुलीची हवी. 2024 मध्येच तेलंगणातल्या एका प्रकरणात मुलीचा अमेरिकेत घटस्फोट झाल्यावर वडिलांनी तिच्या स्त्रीधनासाठी गुन्हा नोंदवला. सर्वोच्च न्यायालयाने तो रद्द केला, कारण स्त्रीधनाची मालकीण ती एकटी आणि तिने वडिलांना तसा अधिकार दिलेलाच नव्हता. आपल्याकडे बाबा सगळं स्वतः करायला धावतात, त्यांना हे सांगून ठेवा.

भाऊ आणि त्याचे चार मित्र घेऊन कुलूप तोडायला मात्र जाऊ नका. सामान तुमचं असलं तरी संध्याकाळी चोरीची आणि मारहाणीची तक्रार तुमच्याच भावावर होते.

कोणत्या दारी जायचं

तीन दारं आहेत, आणि माझं मत विचाराल तर वस्तूच हव्या असतील तर पहिलं दार घरगुती हिंसाचार कायद्याचं, 2005 चं. लोक या कायद्याला मारहाणीपुरता समजतात. त्यात आर्थिक छळही येतो, आणि स्त्रीधन अडवून ठेवणं हा त्याचाच भाग आहे. कलम 12 खाली मॅजिस्ट्रेटपुढे अर्ज करायचा. कलम 19(8) खाली स्त्रीधन आणि इतर वस्तू परत करण्याचा आदेश मागायचा. कलम 18 खाली लॉकर उघडू नये, दागिने विकू-गहाण टाकू नयेत असा मनाई आदेश, आणि तो लगेच हवा म्हणून कलम 23 खाली अंतरिम अर्ज सोबतच द्यायचा. हा अंतरिम अर्ज राहून गेला तर पहिल्या तारखेपासून दुसरीपर्यंत ठुशीची लगड झालेली असते. मनाई आदेश मोडला तर कलम 31 प्रमाणे 1 वर्षापर्यंत कैद किंवा 20,000 रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही.

या कायद्याचा मोठा फायदा असा की सासर पुण्याला किंवा नागपूरला असलं आणि मुलगी आता राजेंद्र नगरला आईकडे राहत असली, तर अर्ज इंदूरच्याच कोर्टात करता येतो. सासूबाई किंवा नणंद यांच्याकडे दागिने असतील तर त्यांनाही प्रतिवादी करता येतं, सर्वोच्च न्यायालयाच्या 2016 च्या निकालानंतर त्यावर शंका उरलेली नाही. वेगळं होऊन बरीच वर्षं झाली असतील तरी हात टेकू नका. कृष्णा भट्टाचारजी प्रकरणात 2015 साली सर्वोच्च न्यायालय म्हणालं की स्त्रीधन अडवून ठेवणं हा रोज चालू राहणारा अपराध आहे, न्यायिक विभक्तीने हक्क संपत नाही. कायदा 60 दिवसांत निकालाचा प्रयत्न करा म्हणतो. प्रत्यक्षात तारखांवर तारखा पडतात, पण अंतरिम आदेश लवकर मिळू शकतो आणि खरी गरज त्याचीच असते.

अर्जात प्रत्येक वस्तूपुढे हे लिहायला वकिलाला सांगा: वस्तू नसल्यास किंवा मोडली असल्यास आजच्या भावाने किंमत. 2012 च्या बिलाचा आकडा मागून बसलेल्या मुली मी पाहिल्या आहेत. दागिने फायनान्स कंपनीत गहाण टाकल्याचा संशय असेल तर त्या कर्जाचे कागद हजर करण्याचा आदेशही मागा.

दुसरं दार थान्याचं. महिला थाना किंवा जवळच्या थान्यातली ऊर्जा महिला डेस्क. तिथे बहुतेक वेळा आधी समुपदेशन होतं, आम्ही बसतो ते त्यासाठीच. समुपदेशनात सामान मिळालं तर सोन्याहून पिवळं, पण तारखा लांबत असतील तर थांबू नका. अर्ज दिल्याची पावती घ्या, तोंडी "हो हो बघतो" वर परतू नका. कलम 316 ला 5 वर्षांपर्यंत शिक्षा आहे, त्यामुळे वरिष्ठांच्या परवानगीने पोलीस आधी 14 दिवसांची प्राथमिक चौकशी करू शकतात. त्यानंतरही गुन्हा नोंदला नाही तर वरिष्ठ पोलीस अधिकाऱ्याला लेखी, आणि तरीही नाही तर मॅजिस्ट्रेटकडे. गुन्हा नोंदला की लगेच नवऱ्याला बेड्या पडतील अशी आशा किंवा भीती धरू नका, 2014 च्या अर्नेश कुमार निकालानंतर अटक आपोआप होत नाही. आणि एक गोष्ट जी कुणी आधी सांगत नाही: पोलिसांनी जप्त केलेले दागिने तुमच्या हातात नाही, मालखान्यात, म्हणजे थान्याच्या कोठारात जातात. तिथून काढायला कोर्टात सुपुर्दगीचा अर्ज करावा लागतो. 2002 चा सुंदरभाई देसाई निकाल आहे, फोटो आणि पंचनामा करून वस्तू लवकर मालकाला द्याव्यात असं त्यात स्पष्ट म्हटलं आहे. तो वकिलाला आठवणीत असतोच, तरी तुम्ही आठवण करा.

तिसरं दार कुटुंब न्यायालय. घटस्फोटाची केस चालूच असेल तर हिंदू विवाह कायद्याचं कलम 27 आहे, पण ते लग्नाच्या निमित्ताने मिळालेल्या आणि दोघांच्या म्हणता येतील अशा वस्तूंपुरतं. फक्त तुमच्या मालकीच्या वस्तूंसाठी त्याच कोर्टात स्वतंत्र दावा करता येतो. हे दार सावकाश उघडतं.

पैशांमुळे अडू नका. बाईला मोफत वकील मिळण्यासाठी उत्पन्नाची अट नाही. जिल्हा विधिक सेवा प्राधिकरणात अर्ज करा, किंवा 15100 वर फोन लावा. 181 ही महिला हेल्पलाइनही आहे.

सामान आणायचा दिवस

आदेशाने असो वा समजुतीने, हा दिवस घाईचा करू नका. यादीच्या तीन प्रती, दोन पंच (नात्यातला एक आणि शेजारचा एक चालतो), सगळं चित्रित करणारा एक शांत माणूस, आणि लोडिंग रिक्षा सकाळी लवकर सांगून ठेवलेली. सोनं असेल तर ओळखीच्या सराफाला काटा घेऊन बोलवा, किंवा सगळ्यांनी मिळून सराफ्यात जा. वजन तिथंच करा, टंच, म्हणजे सोन्याची शुद्धता, तिथंच काढा. मोहनमाळ परत आली आणि घरी येऊन पाहिलं तर मणी पोकळ, असं झालेलं आहे.

पेट्या भरताना बायका सोन्याकडे बघतात आणि कागद विसरतात. मार्कशीट, पासपोर्ट, मुलांचे जन्मदाखले, लसीकरणाचं कार्ड, एफडीच्या पावत्या आधी उचला. आणि देवघर. लग्नात आईने दिलेली अन्नपूर्णा आणि बाळकृष्ण कुणाच्याच यादीत नसतात, कारण त्यांची किंमत शे-दोनशे रुपये. रामबागेतली एक मुलगी 140 ग्रॅम सोनं मिळाल्यावरही दारात अडून बसली होती, अन्नपूर्णेसाठी. सासूबाई म्हणाल्या, देव घराबाहेर जात नसतात. शेवटी पंचांनी यादीत हाताने 31 वी ओळ लिहिली आणि मूर्ती आली. ती ओळ तुम्ही आधीच लिहा.

मिळालं त्याचीच सही द्या. पावतीवर वस्तूंची नावं, जे मिळालं नाही त्यापुढे "अप्राप्त". समझोता होत असेल तर मसुद्याच्या शेवटी हिंदीत एक वाक्य हमखास येतं: "अब कोई लेन-देन शेष नहीं है." सामान हातात आल्याशिवाय या वाक्याखाली सही करायची नाही. परस्पर संमतीच्या घटस्फोटात कोणती वस्तू कोणत्या तारखेला, कोणत्या जागी द्यायची हे मसुद्यातच लिहून घ्या.

घरी आल्यावर सोनं आईच्या कपाटात न ठेवता स्वतःच्या नावाच्या लॉकरमध्ये ठेवा, नॉमिनी बदला. त्याच आठवड्यात समग्र आयडीचं, म्हणजे मध्य प्रदेश सरकारच्या कुटुंब-नोंदणीचं, काम करून घ्या. तुमचं नाव अजून सासरच्या 8 अंकी परिवार आयडीत असेल, आणि पुढे मुलाच्या शाळेपासून योजनांपर्यंत प्रत्येक फॉर्म तिथंच जाऊन अडतो. वॉर्ड ऑफिसला जाताना आधार आणि कोर्टाचा आदेश असेल तर त्याची प्रत न्या.